पायांची साक्ष

कढवली गावात थर्मामीटर नव्हते असं मुळीच नाही. शाळेत होते, आरोग्य उपकेंद्रात होते, आणि डोंगरापलीकडच्या भूताप वीजप्रकल्पात तर भिंतभर आकडे नाचत असत. तरी उन्हाई देवीच्या कुंडाचं पाणी तापलेलं आहे की नाही, हे गावाला कळायचं ते एकाच साधनानं. ते साधन म्हणजे जनार्दन गुरवांचे दोन पाय.

रोज सकाळी ऊन पडायच्या सुमाराला जनार्दन गुरव, म्हणजे गावाचे जनूआबा, देवळामागच्या पायऱ्या उतरत. खालच्या कुंडात पोटरीभर पाण्यात उभे राहत आणि मोठ्यांदा म्हणत, "आई ऊन हाय!" त्यानंतरच इतरांनी पाण्याला शिवायचं. खुद्द गुरवानं मात्र त्या पाण्यानं आंघोळ करायची नाही, त्यात हातसुद्धा बुडवायचा नाही. पाणी गावाचं, गुरवाचे फक्त पाय. त्याच्या अंगात काही वैगुण्य आलं तर हा मान भाऊबंदांकडे जायचा. यंत्र बिघडतं, पण देवीच्या पाण्यात उभा राहिलेला माणूस खोटं बोलत नाही, असा गावाचा सरळ हिशेब होता.

आबांचा एकुलता एक मुलगा भूषण त्या भूताप प्रकल्पात इंजिनिअर होता. पुढे जे वाईट घडलं ते त्याच्या हातून घडलं आणि मायेपोटी घडलं, हे आधीच सांगून टाकलेलं बरं. म्हणजे वाचणाऱ्यानं उगाच खलनायक शोधत बसायला नको.

प्रकल्प आला तेव्हा कोळशाची मोठी केंद्रं एकेक करून बंद होत होती आणि उन्हाळे असे तापत होते की शहरांत पंख्याखाली माणसं दगावत होती. सूर्य रात्री नसतो, वारा लहरी, धरणं आटलेली. राहिली ती पायाखालची आग. जमिनीत जितकं खोल जावं तितका खडक तापत जातो. कोकणातल्या काळ्या कातळाच्या खूप खाली जुना ग्रॅनाइट आहे आणि तो पाण्याला कढ आणेल इतका गरम आहे. त्यात दोन विहिरी खणायच्या. एकीतून थंड पाणी दाबानं आत सोडायचं. ते खडकाच्या भेगांतून वाट काढत तापतं आणि दुसरीतून वर येतं. त्याच्या उष्णतेनं एका लवकर उकळणाऱ्या द्रवाची वाफ होते, ती वाफ टर्बाइन फिरवते, आणि निवलेलं पाणी पुन्हा खाली जातं. धूर नाही, राख नाही, अहोरात्र वीज. मेख एवढीच, की उष्णतेची वीज करताना बरीचशी उष्णता वाटेत सांडते. दहा भाग उष्णता उपसावी तेव्हा जेमतेम एक भाग वीज हाती लागते. पण पृथ्वीच्या पोटात उष्णता इतकी आहे की या सांडण्याची कुणी फिकीर करत नव्हतं.

ग्रामसभेत एकच अडचण निघाली. भागाकाकी उभ्या राहिल्या. वय झालेलं, आवाज खणखणीत. "ती वीजबीज ठीक हाय. आमच्या आईचं काय? खालची आग तुम्ही नेलीत तर ती काय थंड पडायची?"

भूषण उठला. "काकी, कुंडाचं पाणी निराळ्या भेगेतून येतं. ती भेग आणि आमच्या विहिरी यांचा संबंध नाही. कुंडाला धक्का लागणार नाही. माझा शब्द."

तो खोटं बोलत नव्हता. सगळी गणितं तेच सांगत होती. गावानं त्याच्याकडे पाहिलं नाही, आबांकडे पाहिलं. आबा म्हणाले, "माझा पोरगा बोलला म्हंजे मी बोललो." आणि हात वर झाले.

कंपनीनं गावाला वीज फुकट दिली. वर्षभरात घरोघरी गीझर लागले, चुली विझल्या, शेगड्या विजेवर आल्या. कुंडावर आंघोळीला जाणं म्हणजे मागासपणा वाटू लागला. यात्रा सोडली तर मंगळवारी दोन-चार म्हाताऱ्या फिरकायच्या त्या वर देवळापुरत्या, आणि पाण्यात उतरायचे ते रोज फक्त आबा.

तिसऱ्या श्रावणात दुसऱ्या विहिरीतून येणारं पाणी भूषणला किंचित निवलेलं दिसलं. आत सोडलेल्या पाण्यातलं बरंच कुठेतरी गळत होतं. दाबानं खडकातल्या भेगा रुंदावल्या होत्या आणि त्यातली एखादी नको तिथे जाऊन मिळाली होती. तो थेट कुंडावर गेला. वरच्या कुंडात, जिथे झरा उगवतो आणि जिथे एरवी बोट ठेवता येत नसे, तिथे त्यानं कोपरापर्यंत हात घातला. पाणी कोमट होतं. खालच्या कुंडातलं तर नुसतंच पाणी होतं.

तेवढ्यात पायऱ्यांवर काठी वाजली. आबा आले, धोतर वर धरून पाण्यात उतरले, डोळे मिटून उभे राहिले.

"आई ऊन हाय!"

आबांना कळलं आहे, भूषणला वाटलं. पाणी थंड आहे हे त्यांना रोज कळतंय आणि माझा शब्द राखण्यासाठी ते देवीच्या पाण्यात उभे राहून रोज खोटं बोलताहेत. जो माणूस आयुष्यात कुणाशी काडीचंही खोटं बोलला नाही, त्याला माझ्यापायी हे करावं लागतंय.

त्यानं विचारायला हवं होतं. "आबा, पाणी कसं आहे?" एवढंच. पण बाप-लेकांत काही गोष्टी न बोलण्यातच आब असतो अशी त्या घराची समजूत होती. दोघंही पायऱ्या चढून घरी आले आणि आबांच्या बहिणीनं, इंदूआत्यानं, पुढ्यात ठेवलेली पेज जेवले.

प्रकल्पप्रमुख दामले वाईट माणूस नव्हते. त्यांनी भूषणचं सगळं ऐकून घेतलं.

"थांबवूया का?" भूषणनं विचारलं. "विहिरी बंद ठेवल्या तर झरा सावरेल."

"किती वर्षांत?"

"खडक तापायला वेळ लागतो. शंभर वर्षं लागतील, कदाचित जास्तच."

"म्हणजे तुझ्या आबांना काही उपयोग नाही," दामले म्हणाले. "आणि इकडे मे महिन्यात वीज गेली की इस्पितळांतली माणसं मरतात. कुंड निवलं तर म्हाताऱ्या हळहळतील. तूच सांग, वरच्या लोकांना मी काय कळवू?"

भूषणला दुसरंच काहीतरी सुचलं, आणि ते ऐकून दामल्यांनी सुटकेचा श्वास सोडला.

दिवाळीच्या आत कंपनीनं गावासाठी म्हणून कुंडाच्या पायऱ्या नव्यानं बांधून दिल्या. त्या कामात भूषणनं वरच्या कुंडाच्या तळाशी, दगडी फरशीखाली, पाणी तापवायची जाडजूड कॉइल बसवली. प्रकल्पातलं वापरलेलं गरम पाणीच आणून सोडणं शहाणपणाचं झालं असतं, पण डोंगर ओलांडून येणारी नळी लपत नाही. वायर लपते. तिचं बटण देवळाच्या कोठीत, जुन्या पालखीमागे होतं.

इंजिनिअर असल्यामुळे आपण काय करतोय हे त्याला पुरतं ठाऊक होतं. कुंडात एक भाग ऊब घालायची तर खालून दहा भाग उपसावी लागणार होती. आईला ऊब देण्यासाठी तो आईचंच अंग आणखी गार करत होता. हे त्याला झोपू देत नसे. पण सकाळी आबांचं "आई ऊन हाय" ऐकू आलं की तो स्वतःशी म्हणे, आज तरी ते खरं बोलले.

एकदा आबा जेवताना म्हणाले, "कुंडाला हल्ली गंधकाचा वास येत नाय फारसा. नाक म्हातारं झालं माझं." भूषण खाली मान घालून जेवत राहिला.

माघात उन्हाईची यात्रा. त्या दिवशी भाताची पुरचुंडी फडक्यात बांधून, दोरीनं वरच्या कुंडात सोडतात. झऱ्याच्या उष्णतेवर शिजलेला तो भात देवीचा नैवेद्य. आणि पुरचुंडी शिजून वर येईपर्यंत गुरवानं खालच्या कुंडात उभं राहायचं, जागा सोडायची नाही.

कॉइलच्या रोजच्या उष्णतेवर भात शिजला नसता. भूषणनं आदल्या दिवशी गुपचूप पुरचुंडी सोडून पाहिली होती, तांदूळ टणक राहिले होते. म्हणून यात्रेच्या सकाळी त्यानं कोठीतलं बटण शेवटपर्यंत फिरवलं. वरच्या कुंडाचा त्यानं बारकाईनं हिशेब केला होता. खालच्याचा केलाच नाही. वरचं पाणी पन्हळीतून खाली येता येता निवतं, हे लहानपणापासून पाहिलेलं. त्यातून जास्त झालंच तर आबांना पोळेल आणि ते मागे सरतील, एवढं त्यानं गृहीत धरलं. अख्ख्या गावासारखाच तोही त्या दोन पायांवर विसंबला.

पायऱ्या माणसांनी फुलल्या होत्या. कुंडावर अशी दाट वाफ कित्येक वर्षांत कुणी पाहिली नव्हती. भागाकाकींनी पुरचुंडी सोडली. आबा पाण्यात उतरले, गुडघ्यापर्यंत वाफेत दिसेनासे झाले, आणि त्यांनी आरोळी दिली. गावानं जयजयकार केला. मग आबा देवीची नावं घेत उभे राहिले. घाम निथळत होता, चेहरा लाल झाला होता, पण आवाज स्थिर होता. बायका कौतुकानं एकमेकींना खुणावत होत्या.

पायऱ्यांच्या टोकाशी उभ्या असलेल्या भूषणच्या अनवाणी पायावर पन्हळीतले थेंब उडाले. तो दचकून मागे झाला. ते चटका बसण्याइतके गरम होते. आबा तर पाण्यात होते.

"आबा, वर या!" तो ओरडला. "आबा, वर या आधी!"

आबांनी शांतपणे मान हलवली. पुरचुंडी अजून वर आली नव्हती. भूषण माणसं ढकलत खाली धावला, पाण्यात पाय घातला आणि किंचाळला. त्यानं आबांना कवेत उचलून बाहेर काढलं. पायरीवर ठेवलं तेव्हा आबा रागानं म्हणाले, "शिजला काय भात? मध्येच कशाला ओढलास?" मग त्यांनी स्वतःच्या पायांकडे पाहिलं. बराच वेळ पाहिलं, जणू ते दुसऱ्या कुणाचे होते.

जिल्ह्याच्या इस्पितळात डॉक्टर म्हणाले, दोन्ही पाय गुडघ्याखालून काढावे लागतील, आणि तेवढ्यानं भागेल याचीही खात्री नाही, वय आहे, साखर आहे. भूषण बाकावर बसून राहिला. इंदूआत्या शेजारी येऊन बसली.

"त्यांनी पाय का काढला नाही गं आत्या? एवढं पोळत होतं."

आत्यानं पदर तोंडाला लावला. "पोळत नव्हतं रे. त्याचे पाय कधीचे बधिर झालेत, साखरेनं. घरात चूल होती तेव्हा निखारा पायाखाली आला तरी कळलं नाय, मला मांस करपल्याचा वास आला तेव्हा समजलं. मला शपथ घातलीन, कुणाला बोलू नको, मान जाईल म्हणाला."

"मग रोज सकाळी ते..."

"मी विचारलं होतं. पायांना कळत नाय तर ऊन हाय म्हणून सांगतोस कसं? तर म्हणाला, भूषण बोललाय ना, धक्का लागणार नाय म्हणून. मग मी निराळं काय सांगणार?"

भूषणला वाटलं, आपण बसलोय तो बाक कुणीतरी ओढून घेतला. आबा खोटं बोलतच नव्हते. त्यांना थंड पाणी कधी कळलंच नव्हतं, आणि कॉइल बसवली नसती तरी ते कळणार नव्हतं. मुलाच्या शब्दावर बाप साक्ष देत होता आणि बापाची साक्ष खरी करायला मुलानं पाणी उकळलं होतं. आता दोघंही जिंकले होते, आणि आतल्या खाटेवर त्याची किंमत पडली होती.

शस्त्रक्रियेनंतर आबा नीट बोलू लागले तेव्हा त्यांचा चेहरा मात्र उजळला होता. गावातून माणसं येऊन गेली होती. "सगळे म्हणतात, आईनं माझे पाय मागून घेतले," ते क्षीण आवाजात म्हणाले. "पन्नास वर्षं पाण्यात उभा राहिलो, पण असं कुणाला दिसलं नव्हतं. आई जागी हाय रे भूषण. तू खरा ठरलास."

आणि मग म्हणाले, "हे वैगुण्य नाय, मान घरातच राहील. आता पाय तुझे."

गावातही तेच बोललं जात होतं. कंपनीनं आणखी दोन विहिरींसाठी परवानगी मागितली होती आणि ग्रामसभा काही दिवस अडून बसली होती. आता अडायचं कारण उरलं नाही. ज्या कुंडानं गुरवाचे पाय शिजवले, ते निवलं असं कोण म्हणेल? सरपंचांनी ठरवलं की सभा कुंडावरच घ्यायची, नवा गुरव म्हणून भूषणनं पाण्यात उभं राहून सांगायचं आणि हात वर करायचे.

सभेच्या दिवशी कॉइल चालू होती, नेहमीच्या बेतानं. भूषण पाण्यात उतरला. यात्रेतले पायांवरचे फोड भरून आले होते, पायांना सगळं कळत होतं, पाणी छान गरम होतं. सरपंचांच्या हातातल्या फोनवर इस्पितळातून आबा दिसत होते, शेजारी आत्या. गाव वाट पाहत होतं. फक्त खरं बोलायचं होतं, पाणी ऊन आहे एवढंच, आणि ते खरंही होतं.

"सरपंच, फोन जरा बंद करा," तो म्हणाला.

मग त्यानं सगळं सांगितलं. भेग, गळती, कॉइल, बटण. कुणाचा विश्वास बसेना. भागाकाकी पायऱ्या उतरून आल्या, पाण्यात हात घातला आणि म्हणाल्या, "डोकं फिरलंय काय तुझं? हे बघ, ऊन हाय की!"

"कोठीतलं बटण बंद करा आणि थांबा, काकी."

कुणीतरी जाऊन बटण बंद केलं. गाव पायऱ्यांवर बसलं. कुणी घरी गेलं नाही. मधूनमधून कुणी उठून हात बुडवी आणि परत जागेवर जाऊन बसे. आधी कुजबुज होती, मग तीही थांबली. वाफ विरळ होत गेली आणि तळाची फरशी स्वच्छ दिसू लागली. शेवटी भागाकाकींनी पुन्हा हात घातला. तो काढून त्या लुगड्याला पुसत राहिल्या, पुसून झाला तरी पुसत राहिल्या.

"बापाला शिजवलंस," त्या म्हणाल्या, "आणि आमच्या आईला मारलंस."

नव्या विहिरींना गावानं नकार दिला, जुन्या बंद करायचाही ठराव केला. त्यामुळे झरा उद्या तापणार नव्हता, नातवंडांच्या नातवंडांच्या हाताला कदाचित ऊन लागला असता.

फोन पुन्हा वाजला. सरपंचांनी तो भूषणकडे दिला. आबांचा चेहरा पडद्यावर पांढराफटक दिसत होता. "काय झालं रे? बोलत का नाय कुणी? ऊन हाय ना?"

भूषणनं तोंड उघडण्याआधीच त्याच्या खांद्यावरून वाकून भागाकाकी म्हणाल्या, "ऊन हाय, जनूभाऊ. तू जप." मागून आणखी कुणी म्हणालं, ऊन हाय आबा. मग आणखी कुणी. ज्यांनी तासभर भूषणकडे पाहिलंही नव्हतं, ती सगळी माणसं त्या म्हाताऱ्याशी खोटं बोलली, आणि भूषणला आयुष्यात इतकं रडू कधी आलं नव्हतं.

"मग मला थोडं घेऊन ये," आबा म्हणाले. "गुरवपण संपलं माझं. आता हात लावायला हरकत नाय. एकदा हातानं बघू दे."

भूषणनं कळशीभर पाणी काढलं. गावात प्रत्येक घरी विजेची शेगडी होती, पण त्या शेगडीवर हे पाणी ठेवणं त्याच्यानं होईना. चूल राहिली होती ती एका भागाकाकींच्या घरी. तो दारात जाऊन उभा राहिला. काकींनी त्याच्या हातातून कळशी घेतली, शब्द न बोलता चुलीवर चढवली आणि फुंकणी घेऊन बसल्या. लाकडं ओली होती, घरभर धूर झाला. पाणी कढत झाल्यावर त्यांनी ते थर्मासमध्ये ओतून दिलं आणि दार लावून घेतलं.

इस्पितळात आत्यानं आबांना उशीला टेकवून बसवलं. भूषणनं वाटीत पाणी ओतलं, बोटांना सोसेल इतकं होऊ दिलं आणि वाटी त्यांच्यापुढे धरली. ज्या पाण्यात आबा जन्मभर उभे राहिले, त्यात त्यांनी पहिल्यांदाच हात घातला. ऊब लागताच त्यांचा चेहरा लहान मुलासारखा झाला.

मग त्यांनी बोटं नाकाशी नेली.

"धुराचा वास येतोय," ते म्हणाले.

आबांनी भूषणकडे पाहिलं. "कुणाच्या चुलीवर?"

"भागाकाकींच्या."

आबांनी मान हलवली आणि हात परत वाटीत घातला. भूषण वाटी धरून उभा राहिला. पाणी निवून पार थंडगार झालं, तरी आबांनी हात बाहेर काढला नाही.